एक वावर, पाच कज्जे

राजुरा तालुक्यात भावकीच्या भांडणाला कोळशाने वेगळंच वजन आणलं. सास्ती, धोपटाळा, गोवरी, पवनी या पट्ट्यात वेस्टर्न कोलफील्ड्सच्या उघड्या खाणी आल्या. गडचांदूर, आवारपूर, उपरवाहीकडे सिमेंटचे कारखाने उभे राहिले. आजोबांच्या काळी ज्या वावरात पऱ्हाटी नि ज्वारी निघायची, त्याच वावराला आता मोबदल्याचा आकडा चिकटला. कोल इंडियाच्या २०१२ च्या पुनर्वसन धोरणात दोन एकरांमागे एक नोकरी असं सूत्र आहे. पैसा तिघांत वाटता येतो, नोकरी मात्र एकाच्याच नावाने निघते. त्यामुळे वीस-वीस वर्षं एका चुलीवर जेवलेली घरं सातबाऱ्यावरच्या नावावरून कोर्टाची पायरी चढतात, आणि तीही एका दाव्यावर थांबत नाहीत. एकाच जमिनीवर चार-पाच प्रकरणं निरनिराळ्या टेबलांवर पडून राहतात. यातलं कोणतं थांबवता येतं, कोणतं नाही, आणि थांबवून कोणाचं भलं होतं, हा या लेखाचा विषय आहे.

नेहमी दिसणारा प्रकार घेऊ. वडील वारले. थोरला गावात, शेती त्याच्या वहिवाटीत. धाकटा नोकरीनिमित्त बल्लारपूरला. बहीण चंद्रपूरला दिलेली. थोरल्याने मृत्युपत्र पुढे केलं आणि फेरफारासाठी अर्ज दिला. धाकट्याने हरकत घेतली, म्हणून नोंद तक्रारी नोंदवहीत गेली आणि मंडळ अधिकाऱ्यासमोर सुनावणी लागली. हा पहिला कज्जा. पेरणीच्या तोंडावर धुऱ्यावर बाचाबाची झाली, तेव्हा थोरल्याने दिवाणी न्यायालयात धाकट्याविरुद्ध निरंतर मनाईचा दावा टाकला. धाकट्याने वाटपाचा आणि स्वतंत्र कब्जाचा दावा लावला, पण बहिणीला पक्षकार केलं नाही, कारण ‘तिने तोंडी हक्क सोडलाय’. बहिणीला हे उशिरा कळलं. तिने वेगळा वकील गाठून तिसऱ्या हिश्शाचा आपला दावा दाखल केला. त्यात नागपूरचा प्लॉटही आला, जो धाकट्याच्या दाव्यात नव्हता. शेवटी मृत्युपत्रावरचा अंगठा खोटा म्हणून पोलिसांत तक्रार गेली. वावर एक, कज्जे पाच.

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ चं कलम १० अशाच वेळेसाठी आहे. आधी दाखल झालेल्या दाव्यात जो वाद प्रत्यक्ष आणि मुख्यत्वे पुढे आहे, तोच वाद त्याच पक्षकारांमध्ये किंवा त्यांच्यामार्फत हक्क सांगणाऱ्यांमध्ये नंतरच्या दाव्यात आला असेल, आणि पहिल्या न्यायालयाला दुसऱ्या दाव्यातली दाद देण्याचा अधिकार असेल, तर नंतरच्या दाव्याची सुनावणी पुढे चालवायची नाही. हेतू सरळ आहे. एकाच प्रश्नावर दोन न्यायाधीशांनी दोन निकाल देऊ नयेत, आणि एकाच साक्षीदाराला दोनदा पिंजऱ्यात उभं करू नये. निकाल लागून गेलेला वाद पुन्हा उकरू नये म्हणून कलम ११ आहे. निकाल यायचा आहे तोवरची काळजी कलम १० घेतं. म्हणूनच सर्वोच्च न्यायालयाने २००५ साली बंगळुरूच्या निम्हान्सच्या प्रकरणात कसोटी सांगितली: पहिल्या दाव्याचा अंतिम निकाल दुसऱ्या दाव्याला कायमचा बांधून टाकणारा ठरेल का? ठरत असेल तर थांबवा, नसेल तर नाही.

या कलमावरचा सर्वांत जास्त उद्धृत होणारा निकालही कोळशाच्या धंद्यातून आलेला आहे. मनोहरलाल चोप्रा आणि इंदूरचे सेठ हिरालाल यांनी कोळशाच्या खाणी चालवण्यासाठी भागीदारी केली. ती फिसकटली. चोप्रांनी ऑगस्ट १९४८ मध्ये आसनसोलला दावा लावला, सेठजींनी जानेवारी १९४९ मध्ये इंदूरला. इंदूरच्या न्यायालयाने चोप्रांना आसनसोलचा दावा चालवायला मनाई केली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि नोव्हेंबर १९६१ मध्ये निकाल आला. कलम १० आज्ञार्थी आहे. अटी पुऱ्या होत असतील तर नंतरचा दावा थांबवण्यावाचून न्यायालयाला गत्यंतर नाही. पहिला दावा त्रास देण्यासाठी लावला आहे असं वाटलं तरी नियम बदलत नाही, आणि अंगभूत अधिकार वापरून त्याला वळसाही घालता येत नाही. म्हणजे जो आधी पोचला, त्याचं चालणार. या तत्त्वाकडे पुढे पुन्हा यावं लागेल, कारण कुटुंबाच्या वाटपात खरी अडचण तिथेच आहे.

तत्पूर्वी एक गैरसमज. ‘स्थगिती मिळाली’ असं ऐकलं की पक्षकाराला वाटतं, समोरच्याचा दावा मेला. तसं काही होत नाही. कलम १० दावा दाखल करायला आडकाठी करत नाही. थांबते ती सुनावणी, म्हणजे पुरावा आणि निकाल. तूर्तातूर्त मनाईचा अर्ज, जमीन विकू नये म्हणून ‘जैसे थे’चा हुकूम, पीक किंवा भाडं सांभाळण्यासाठी रिसीव्हर, पाहणीसाठी कोर्ट कमिशनर, हे सगळं थांबवलेल्या दाव्यातही मागता येतं. १९९८ साली इंडियन बँक विरुद्ध महाराष्ट्र राज्य सहकारी पणन महासंघ या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं. राजुऱ्याच्या शेतकऱ्याला याचा उपयोग थेट आहे. बहिणीचा दावा नंतरचा म्हणून थांबला, तरी तोवर थोरल्याने अर्धं वावर कुणाला इसार करून देऊ नये यासाठी ती त्याच दाव्यात मनाई मागू शकते. दावा चालू असताना झालेली विक्री निकालाच्या अधीन राहते, हे मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५२ सांगतंच. मात्र दाव्याच्या सूचनेची नोंदणी करण्याबाबत महाराष्ट्राची वेगळी दुरुस्ती आहे, म्हणून वकिलाला पहिल्याच भेटीत त्याबद्दल विचारलेलं बरं.

स्थगितीचा अर्ज चालतो कसा, हे जवळून पाहण्यासारखं आहे. नंतरच्या दाव्यातला प्रतिवादी अर्ज देतो आणि पहिल्या दाव्याच्या अर्जीची, कैफियतीची आणि मुद्दे निघाले असतील तर मुद्द्यांची प्रमाणित प्रत जोडतो. न्यायाधीश दोन्ही अर्ज्या शेजारीशेजारी ठेवतात. वंशावळ तीच आहे का? गट नंबर तेच का, आराजी तीच का, चतुःसीमा जुळतात का? एका अर्जीत गट नंबर एक आणि दुसरीत त्याचा पोटहिस्सा असेल तर वकिलांची खडाजंगी तिथेच सुरू होते. मग मागणी बघायची: तिथे फक्त ‘वहिवाटीला अडथळा करू नये’ एवढंच आहे, की हिस्सा ठरवून सरस-निरस वाटप मागितलं आहे? या तुलनेत जी बाजू कागद घेऊन आली नाही, ती बहुतेक वेळा हरते. नुसत्या तोंडी सांगण्यावर किंवा ‘तिकडे पण केस चालू आहे’ एवढ्या शपथपत्रावर काम भागत नाही. आता ई-कोर्टच्या संकेतस्थळावर पक्षकाराच्या नावाने किंवा सीएनआर क्रमांकाने प्रकरण सापडतं, त्यामुळे दुसरा दावा लपवून ठेवणं पूर्वीइतकं सोपं राहिलेलं नाही. अर्ज लवकर द्यावा, पुरावा सुरू होण्याआधी. आणि अर्ज दिला म्हणजे न्यायालयाचे हात बांधले गेले, असंही नाही: २००४ सालच्या पुखराज जैन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की नंतरचा दावा मुळातच टिकणारा नसेल, तर तो थांबवत बसण्याऐवजी फेटाळताही येतो.

आता आपल्या पाच कज्ज्यांना हे लावून पाहू. थोरल्याचा मनाईचा दावा सर्वांत आधीचा. त्याच्या आधारे धाकट्याचा वाटपाचा दावा थांबेल का? बहुधा नाही. मनाईच्या दाव्यात मुख्य प्रश्न कब्जाचा असतो, वाटपात हक्काचा आणि हिश्शाचा. मनाईचा निकाल लागला तरी कुणाला किती आणे पडतात, ते ठरत नाही. धाकट्याच्या दाव्याच्या आधारे बहिणीचा दावा थांबेल का? तोही थांबणं कठीण, कारण पहिल्या दाव्यात ती पक्षकारच नाही. शिवाय पहिला दावा कनिष्ठ स्तर न्यायालयात आणि दुसरा वरिष्ठ स्तर न्यायालयात असेल, तर पहिल्या न्यायालयाला तेवढ्या किमतीची दाद देण्याचा अधिकार आहे का, हाही प्रश्न उभा राहतो. मुंबईच्या अस्पी जाल प्रकरणात घरमालकांनी त्याच भाडेकरूवर तीन दावे लावले होते. प्रत्येक दाव्यातला जागा न वापरल्याचा काळ वेगळा, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये स्थगिती मान्य केली नाही. पक्षकार तेच, जागा तीच, कायदाही तोच, तरीही वाद वेगळा ठरला. काही मुद्दे सामाईक असणं पुरेसं नाही, सगळा वाद एक असावा लागतो.

यातून जे दिसतं ते मला स्पष्ट लिहायचं आहे. कलम १० तारीख मोजतं, पूर्णता मोजत नाही. व्यापाऱ्यांच्या भांडणात हे चालून जातं, तिथे दोन बाजू असतात आणि दोघांकडे वकील असतात. कुटुंबात बाजू चार-पाच असतात, आणि ज्याच्याकडे सातबारा, वहिवाट नि पैसा आहे तो आधी कोर्टात पोचतो. त्याचा दावा मुद्दाम अपुरा असू शकतो: बहीण वगळलेली, शहरातला प्लॉट वगळलेला, विधवा काकूंचा उल्लेखच नाही. मग हाच अपुरा दावा पुढे करून तो इतरांचे पूर्ण दावे थांबवायला निघतो. अशा अर्जात न्यायालयाने ‘आधी कोण’ याच्या बरोबरीने ‘सगळे कुठे आहेत’ हेही बारकाईने तपासायला हवं. कायद्यात त्याला जागा आहे, कारण तेच पक्षकार आणि तोच सगळा वाद ही अट कलमातच लिहिलेली आहे. ती अट सैल धरून सरधोपट स्थगिती दिली की गैरहजर वारसाचं नुकसान होतं.

वाटपाच्या भांडणात थांबवण्यापेक्षा एकत्र आणणं जास्त न्याय्य, असं माझं मत या सगळ्या निकालांवरून पक्कं झालं आहे. त्यासाठी हत्यारंही आहेत. चित्तीवलसा ज्यूट मिल्स विरुद्ध जेपी रीवा सिमेंट या २००४ च्या प्रकरणात दोन राज्यांत परस्परविरुद्ध दोन दावे होते. सर्वोच्च न्यायालयाने ते एका न्यायालयाकडे आणून एकत्र चालवायला सांगितलं. संहितेत एकत्रीकरणाचं वेगळं कलम नसलं तरी अंगभूत अधिकारात ते करता येतं. पुरावा एकदाच होतो, निकाल एका वेळी लागतो, आणि आधीचा-नंतरचा हा झगडाच संपतो. दावे चंद्रपूर जिल्ह्यातल्या दोन न्यायालयांत असतील तर कलम २४ खाली जिल्हा न्यायालयाकडे वर्ग करण्याचा अर्ज देता येतो. नागपूरच्या न्यायालयात असतील तर उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे जावं लागेल. राज्याबाहेर असतील तर कलम २५, म्हणजे दिल्ली.

राज्याबाहेरचा मुद्दा इथे पुस्तकी नाही. राजुरा १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होतं, आदिलाबाद जिल्ह्यात. १७ सप्टेंबरला इथे आजही मुक्तिदिन साजरा होतो. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेत तालुका नांदेड जिल्ह्याला जोडून मुंबई राज्यात आला आणि १९५९ मध्ये चांदा जिल्ह्याला. सीमारेषा आखली गेली, नाती आणि जमिनी मात्र दोन्हीकडे राहिल्या. आसिफाबादकडे आजोळ, तिकडे चार एकर आणि इकडे राजुऱ्याला घर, अशी कितीतरी कुटुंबं आहेत. जिवतीच्या डोंगरातल्या चौदा गावांवर तर महाराष्ट्र आणि तेलंगणा दोघेही हक्क सांगतात. मिळकत दोन न्यायालयांच्या हद्दीत असेल तर कलम १७ प्रमाणे कोणत्याही एका न्यायालयात सगळ्या मिळकतीचा मिळून एक दावा लावता येतो. हे सुरुवातीलाच केलं तर पुढचं वर्ग करणं, थांबवणं, खंडपीठाच्या फेऱ्या, सगळंच वाचतं. राजुऱ्याहून चंद्रपूर तीसेक किलोमीटरवर आहे, नागपूरला जाऊन यायचं तर दिवस मोडतो आणि मजुरीही बुडते.

आणखी एक गोष्ट पक्षकारांना सहसा कुणी सांगत नाही. वाटपाच्या दाव्यात प्रतिवादीही वादीच्याच जागी असतो. बहिणीला आधीच पक्षकार केलेलं असेल तर तिने वेगळा दावा लावायची गरज नाही. कैफियतीत आपला हिस्सा मागावा, सुटलेली मिळकत दाखवावी, लागत असेल ती कोर्ट फी भरावी. पक्षकार केलेलं नसेल तर पहिल्या दाव्यात सामील करून घेण्याचा अर्ज द्यावा. वादीने पुढे भावाशी आतून समझोता करून दावा काढून घ्यायचा डाव टाकला, तर आदेश २३ नियम १-अ प्रमाणे प्रतिवादीला वादी होऊन तोच दावा पुढे नेता येतो. हे माहीत असतं तर निम्मे समांतर दावे जन्मालाच आले नसते.

या सगळ्यात सर्वांत जास्त सोसावं लागतं ते बायकांना, म्हणून त्यावर थोडं थांबायला हवं. सांगलीच्या न्यायालयात १९६२ साली हिराबाई मगदूम यांनी नवऱ्याच्या मागे हिश्शासाठी दावा लावला. १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांचा ७/२४ हिस्सा कायम केला. पंधरा वर्षं, आणि तीही एकाच दाव्यात. महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलांइतका हक्क दिला, पण त्या तारखेआधी लग्न झालेल्या मुली वगळल्या. केंद्राच्या ९ सप्टेंबर २००५ च्या दुरुस्तीने ती अट गेली. वडील त्या दिवशी हयात हवेत की नकोत, यावर देशभर उलटसुलट निकाल लागत राहिले, आणि ११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्मा प्रकरणात तीन न्यायाधीशांच्या पीठाने ठरवलं की हक्क जन्माने आहे, वडील हयात असण्याची गरज नाही. शक्य तितक्या लवकर, सहा महिन्यांत, अशी अडकलेली प्रकरणं निकाली काढा, असंही त्याच निकालात म्हटलं. तोवर कितीतरी दावे ‘वरून निकाल येऊ द्या’ म्हणून पडून राहिले होते. ‘तोंडी वाटप झालं होतं’, ‘तिने तोंडी सोडलं’ हे बचाव आता सहज चालत नाहीत. स्थावरातला हक्क सोडायचा तर नोंदणीकृत हक्कसोडपत्र लागतं. बायकांना अशा मिळकतीच्या दाव्यात महाराष्ट्रात १ ऑक्टोबर १९९४ च्या अधिसूचनेने कोर्ट फी माफ आहे, आणि विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ खाली उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. राखीला साडी-चोळी देऊन सही घेणाऱ्या भावांना हे ठाऊक असतं, बहिणीपर्यंत मात्र पोचत नाही.

गोंड आणि कोलाम कुटुंबांचा प्रश्न वेगळा आहे. हिंदू उत्तराधिकार कायदा अनुसूचित जमातींना आपोआप लागू होत नाही. कलम २(२) तसं सांगतं. तिथे मुलीला हिस्सा आहे की नाही हे रूढीवर सोडलेलं, आणि रूढी सिद्ध करायची जबाबदारी तिच्याच गळ्यात पडायची. जुलै २०२५ मध्ये छत्तीसगडच्या एका गोंड कुटुंबाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ते उलटवलं. मुलींना वगळणारी रूढी दुसऱ्या बाजूने सिद्ध केली नसताना, मुलीच्या वारसांना समान हिस्सा नाकारता येणार नाही, असं ठरवलं. राजुरा-जिवती भागात याचा परिणाम दूरवर जाणार आहे. आदिवासी जमिनीच्या हस्तांतरणावरचे निर्बंध आणि १९७४ च्या कायद्याखालच्या जमीन परतीची प्रकरणं महसूल अधिकाऱ्यांपुढे चालतात, म्हणजे समांतर कज्ज्यांत अजून एकाची भर.

महसुलाकडचं चित्र असं. तलाठ्याच्या दप्तरातला फेरफार, मंडळ अधिकाऱ्याचा निर्णय, त्यावर राजुऱ्याच्या उपविभागीय अधिकाऱ्याकडे अपील, पुढे अपर जिल्हाधिकारी, मग फेरतपासणी. ही साखळी दिवाणी दाव्याला समांतर चालते आणि कलम १० तिला लागू होत नाही, कारण तो दावा नव्हे. पण फेरफाराने मालकी ठरत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ च्या जितेंद्र सिंग प्रकरणात पुन्हा एकदा बजावलं: मृत्युपत्रावरून वाद असेल तर दिवाणी न्यायालयात जा, नोंद त्या निकालाप्रमाणे होईल. त्यामुळे अपिलामागून अपिलं लढवत खर्च करण्यापेक्षा, नोंद दिवाणी निकालाच्या अधीन ठेवा एवढाच अर्ज देणं शहाणपणाचं. वाटपाच्या बाबतीत महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम ८५ तर स्वतःच थांबतं: तहसीलदाराकडे वाटपाचा अर्ज असताना कुणी मालकीचा प्रश्न काढला, तर दिवाणी न्यायालयाचा निकाल येईपर्यंत वाटप करता येत नाही. चांगली तरतूद, पण तिचा गैरवापरही सर्रास होतो. नुसती एक हरकत टाकायची, दावा मात्र कुणीच लावायचा नाही, आणि प्रकरण वर्षानुवर्षं तहसिलात पडून. हरकतदाराने ठरावीक मुदतीत दावा दाखल करून दाखवावा, नाहीतर अर्ज पुढे चालेल, असं बंधन तहसीलदारांनी घालायला हवं असं मला वाटतं.

पोलिसांकडचं थोडक्यात. शांतताभंगाच्या कारणाने जमिनीवर कार्यकारी दंडाधिकाऱ्यापुढे चालणारी जुन्या कलम १४५ ची कारवाई, १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत कलम १६४, दिवाणी दावा चालू असताना समांतर चालवू नये. राम सुमेर पुरी महंत प्रकरणातला १९८५ चा हा निकाल आजही आधार आहे. बनावट मृत्युपत्राचा गुन्हा मात्र वेगळा. इक्बाल सिंग मारवाह प्रकरणात २००५ साली घटनापीठाने सांगितलं की दिवाणी आणि फौजदारी या दोन कारवायांत पुराव्याची कसोटी निराळी, एकीसाठी दुसरी थांबवण्याचा ठाम नियम नाही. तक्रार खरी असेल तर ती जरूर करावी; भावाला नमवण्यासाठी केलेली तक्रार मात्र पुढे तडजोडीचे सगळे दरवाजे बंद करते.

खाणीखाली जमीन गेली असेल तर प्रश्न आणखी वेगळा होतो. कोळसाधारक क्षेत्र कायदा, १९५७ खाली जमीन सरकारकडे आणि तिथून कंपनीकडे गेली, की वाटप जमिनीचं न राहता पैशाचं होतं. हिश्शाचा वाद असेल तर रक्कम न्यायाधिकरणात जमा होते आणि निकालाप्रमाणे वाटली जाते. पैसा तिथे सुरक्षित असतो. नोकरीचं तसं नाही. एका वारसाच्या नावाने नियुक्ती झाली, की दहा वर्षांनी हिस्सा सिद्ध झालेल्या दुसऱ्याला ती परत मिळत नाही. म्हणून समांतर कज्ज्यांत सर्वांत तातडीचा अर्ज कोणता असेल, तर तो नामनिर्देशनाबद्दलचा, आणि तो कंपनीला पक्षकार करून. तडजोडीत नोकरी घेणाऱ्याने पैशातला हिस्सा इतरांना सोडणं, हा राजुऱ्याच्या भागातल्या घरांना पटणारा मार्ग आहे. लोक अदालतीत तो नोंदवला तर त्यावर अपील नाही, आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते.

राहता राहिली थांबलेल्या दाव्याची अवस्था. अशा दाव्यात तारखा लांबच्या पडतात आणि पक्षकार निश्चिंत होतो. तेवढ्यात एखादा वारस वारतो. मृत पक्षकाराचे वारस रेकॉर्डवर आणायला ९० दिवस असतात, आणि सुनावणी थांबली आहे म्हणून मृत्यू थांबत नाही. पुढे दावा जागा झाला तेव्हा तो एका हिश्शापुरता बाद झालेला निघतो, मग माफीचे अर्ज सुरू होतात. वरिष्ठ न्यायालयाच्या स्थगितीबद्दलही लोकांचा गोंधळ आहे. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं की स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप संपेल. २९ फेब्रुवारी २०२४ ला पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने तो नियम रद्द केला. म्हणजे नागपूर खंडपीठाने थांबवलेला दावा तिथेच अर्ज करून मोकळा करून घ्यावा लागेल, नुसती वाट बघून चालणार नाही.

आणि समजा, सगळं एका दाव्यात आलं, प्राथमिक हुकूमनामा झाला, प्रत्येकाचा हिस्सा ठरला, तरी वावर अजून वाटलेलं नसतं. जून २०२२ मध्ये केरळच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सगळ्या कनिष्ठ न्यायालयांना सांगितलं की प्राथमिक हुकूमनाम्यानंतर पक्षकाराच्या वेगळ्या अर्जाची वाट न पाहता अंतिम हुकूमनाम्याकडे स्वतःहून जा. शेतसारा असलेल्या जमिनीचं प्रत्यक्ष वाटप मात्र संहितेच्या कलम ५४ खाली जिल्हाधिकाऱ्यामार्फत होतं. न्यायालयाचं पत्र चंद्रपूरला जातं, तिथून तहसिलात, तहसिलातून भूमी अभिलेखच्या मोजणीदाराकडे. समांतर दावे थांबवण्यात जितकी शक्ती खर्च होते, तितकीच या टप्प्यावर लावली पाहिजे. प्राथमिक हुकूमनामा झाला त्याच आठवड्यात प्रमाणित प्रतीचा अर्ज द्यावा, पत्र निघालं का ते कोर्टाच्या नाझराकडे आणि तहसिलाच्या आवक नोंदवहीत तपासावं, मोजणीची नोटीस सगळ्या हिस्सेदारांना, बहिणींनाही, बजावली गेली का ते पाहावं, आणि मोजणीच्या दिवशी सगळ्यांनी धुऱ्यावर हजर राहून नकाशावर सह्या कराव्यात. नोटीस न मिळालेला एक हिस्सेदार उरला, तर त्याच्या हरकतीने सहावा कज्जा सुरू होतो.